वाचकांची प्रश्नोत्तरे : तीन मिनिटांचे गाणे आणि ब्रिटनचा पडदा

मागील अंकात १९५६ ते १९६७ या काळात ब्रिटनमध्ये निघालेल्या पॉप गाण्यांच्या लघुपटांचा आणि संगीतपटांचा धावता परिचय आम्ही करून दिला होता. त्यावर आलेल्या पत्रांतील पाच प्रश्न येथे घेतले आहेत. पत्रे संक्षिप्त केली असून पत्रलेखकांच्या इच्छेनुसार त्यांची नावे दिलेली नाहीत.

प्रश्न : सुटीत आलेल्या नातीने मोबाईलवर ‘स्विंगिंग यूके’ नावाचा १९६४ सालचा रंगीत इंग्रजी लघुपट दाखवला. त्याची लांबी अर्ध्या तासाच्या आसपास आहे आणि त्यात कथा म्हणून काही नाही. एक निवेदक येतो, दोन वाक्ये बोलतो, चार मुले गिटार घेऊन गातात. मग दुसरा निवेदक आणि दुसरी चार मुले. असले चित्र तिकीट काढून कोण पाहत असेल, आणि काढणाऱ्याच्या पदरात काय पडत असेल?
— निवृत्त शिक्षक, दारव्हा तालुका

उत्तर : या लघुपटासाठी म्हणून कोणीच तिकीट काढत नव्हते. त्या काळी ब्रिटनमधील चित्रपटगृहांत एका तिकिटात भरगच्च कार्यक्रम मिळत असे. मुख्य चित्रपटाच्या आधी दुय्यम चित्रपट किंवा एखाद-दोन लघुपट, वृत्तपट आणि जाहिराती असत. आपल्या वयाच्या वाचकांना हे समजावून सांगण्याची गरज नाही, कारण यात्रेतल्या टुरिंग टॉकीजच्या तंबूतही मुख्य खेळाआधी फिल्म्स डिव्हिजनचा वृत्तपट लागत असे आणि तो लागला की मागची मंडळी चहा-बिडीसाठी बाहेर पडत. आपल्याकडे हे लघुपट सरकार काढत होते. ब्रिटनमध्ये मात्र ते खासगी निर्माते काढत आणि त्यांचा नफा कायद्याने बांधून दिलेला होता.

हॉलिवूडच्या लोंढ्यापुढे देशी चित्रपट टिकावा म्हणून १९२७ च्या कायद्याने ब्रिटनमधील चित्रपटगृहांवर ब्रिटिश चित्रपटांचा ठरावीक वाटा दाखवण्याचे बंधन घातले होते, आणि पुढे मुख्य खेळाआधीच्या कार्यक्रमासाठीही असाच वेगळा कोटा आला. त्यात १९५० मध्ये ‘ईडी लेव्ही’ची भर पडली. अर्थखात्यातील अधिकारी सर विल्फ्रेड ईडी यांच्या नावाने ओळखली जाणारी ही योजना सुरुवातीला ऐच्छिक होती आणि १९५७ मध्ये सक्तीची झाली. तिकिटाच्या पैशांतील काही अंश एका निधीत जमा होई आणि तो ब्रिटिश निर्मात्यांना त्यांच्या चित्रपटांच्या गल्ल्याच्या प्रमाणात परत मिळे. लघुपटांच्या बाबतीत हा हिशेब करताना गल्ला अडीच पट धरला जात असे. तेव्हा ज्याला थोड्या दिवसांत आणि थोड्या खर्चात अर्ध्या तासाचे चित्र उरकता येत होते, त्याच्यासाठी हा धंदा चांगलाच किफायतशीर होता. हॅरोल्ड बेम हे लंडनचे निर्माते याच वाटेने अनेक वर्षे शहरांची आणि प्रवासाची माहिती देणारे लघुपट काढत राहिले. ‘स्विंगिंग यूके’ आणि त्याच वर्षीचा त्याचा जोडीदार ‘यूके स्विंग्ज अगेन’ हे दोन्ही त्यांचेच आहेत.

प्रवासपटासाठी निदान कॅमेरा घेऊन गावोगाव हिंडावे लागते. गाण्यांच्या लघुपटाला तेही नको, कथालेखक नको, नट-नट्या नकोत. गाणे कंपनीने आधीच ध्वनिमुद्रित करून ठेवलेले असते आणि गाणाऱ्यांना फुकटची जाहिरात हवीच असते. या जाहिरातीची त्यांना किती निकड होती, हे रेडिओची स्थिती पाहिल्यावर कळते. ध्वनिमुद्रिका कंपन्या आणि संगीतकारांची युनियन यांच्याशी झालेल्या करारांमुळे बीबीसीला तबकड्या वाजवण्याचे तास अगदी मोजून मिळत. त्यामुळे नव्या गाण्यांसाठी तरुण मंडळी रात्री २०८ मीटरवर रेडिओ लक्झेंबर्ग लावत. आपल्याकडे बा. वि. केसकर नभोवाणी मंत्री झाल्यावर आकाशवाणीवरून चित्रपटगीते जवळजवळ हद्दपार झाली आणि श्रोत्यांनी काटा रेडिओ सिलोनकडे वळवला, त्याच दशकातली ही गोष्ट. विविध भारती १९५७ मध्ये आली. ब्रिटनमधील तरुणांना मात्र बीबीसीच्या ‘रेडिओ वन’साठी ३० सप्टेंबर १९६७ पर्यंत वाट पाहावी लागली. घरोघरचे दूरचित्रवाणी संच १९६४ मध्ये कृष्णधवलच होते, बीबीसीचे रंगीत प्रक्षेपण सुरू व्हायलाही १९६७ उजाडले. म्हणजे आवडत्या गटाचा कोट निळा आहे की तपकिरी, हे पाहायचे तर चित्रपटगृहातच जावे लागे.

या प्रकाराचे मूळ अमेरिकेत शोधावे लागते. शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीने १९४० मध्ये ‘पॅनोरम’ नावाचे कपाटाएवढे यंत्र आणले. त्यात दहा सेंटचे नाणे टाकले की सुमारे तीन मिनिटांचे एक गाणे पडद्यावर दिसे. या गाण्यांना ‘साउंडीज’ म्हणत. सोळा मिलिमीटरच्या एका फितीवर आठ गाणी ओळीने असत आणि हवे ते निवडण्याची सोय नव्हती. पाळी ज्याची असेल ते गाणे मुकाट्याने पाहावे लागे. रंग आणि निवड या दोन्ही सोयी १९६० मधील ‘स्कोपिटोन’ या फ्रेंच यंत्राने दिल्या.

आता गुणवत्तेविषयी. ‘स्विंगिंग यूके’मधील निवेदन कंटाळवाणे आहे, त्यातले विनोद तेव्हाही शिळेच वाटले असतील. परंतु मर्सीबीट्स, फोर पेनीज किंवा जमैकाहून आलेली मिली या मंडळींना त्यांच्या बहराच्या वर्षी, चांगल्या उजेडात आणि खऱ्या रंगांत दाखवणारी चित्रे मुळातच थोडी आहेत. दूरचित्रवाणीवरचे त्या काळचे पुष्कळसे कार्यक्रम जपले गेले नाहीत, कारण महागड्या व्हिडिओ फिती पुसून पुन्हा वापरल्या जात. चित्रपटाची फीत पुसता येत नाही, ती डब्यात पडून राहते. नफ्यासाठी घाईघाईने उरकलेल्या या लघुपटांचे आजचे मोल त्यामुळेच आहे आणि आपल्या नातीची निवड आम्हाला मुळीच वावगी वाटत नाही.

प्रश्न : मी ब्रह्मपुरी-वडसा भागात झाडीपट्टीच्या नाटकांना साउंड सिस्टीम पुरवतो. या जुन्या इंग्रजी गाण्यांत गिटारला वायर लावलेली नसते, समोर माईक नसतो, तरी आवाज एकदम स्वच्छ येतो. कधी कधी तर ड्रमवर काठी पडायच्या आधीच आवाज ऐकू येतो. हे चित्रीकरण नेमके कसे करत?
— साउंड ऑपरेटर, ब्रह्मपुरी तालुका

उत्तर : आपली नजर धंद्यातली आहे. जे आपल्याला खटकले ते बरोबर आहे, कारण तिथे कोणी गात नाही आणि वाजवतही नाही. आपल्या हिंदी-मराठी चित्रपटांत १९३५ पासून रुळलेली प्लेबॅकची पद्धतच तेथे वापरली आहे. बाजारात विकली जाणारी तबकडी ज्या मूळ ध्वनिमुद्रणावरून निघाली, तेच सेटवर भोंग्यातून वाजवायचे, गटाने त्यावर ओठ आणि हात हलवायचे आणि संकलनाच्या वेळी चित्रावर पुन्हा तोच आवाज चढवायचा. यात निर्मात्याचे दोन फायदे होते. पहिला असा की चित्रपटाच्या कॅमेऱ्याची घरघर, दिव्यांची गुणगुण, मजुरांचे बोलणे यांची चिंता उरत नसे. दुसरा असा की एकच गाणे आधी लांबून, मग जवळून, मग नुसत्या बोटांवर कॅमेरा ठेवून कितीही वेळा चित्रित केले तरी प्रत्येक वेळी लय तीच राहत असे. प्रत्यक्ष गाण्यात हे कदापि शक्य नाही.

काठीच्या गफलतीचे कारण चित्रपटाच्या गतीत आहे. फीत सेकंदाला चोवीस चौकटी या वेगाने धावते. सेटवर गाणे वाजवणारे यंत्र आणि कॅमेरा यांचा वेग बारीकसा जरी मागेपुढे झाला, किंवा संकलकाने चित्र दोन-तीन चौकटी अलीकडे-पलीकडे जोडले, तर गाणे पुढे आणि हात मागे अशी स्थिती होते. गायकाच्या ओठांवर एवढी चूक खपून जाते, कारण ओठ उघडण्याचा नेमका क्षण कोणी पाहत नाही. काठी मात्र कातड्यावर एकाच क्षणी आदळते आणि तो क्षण सगळ्यांना दिसतो. ‘पॉप गिअर’ या १९६५ च्या रंगीत चित्रपटात एकामागून एक गट असेच स्टुडिओतील सेटवर उभे केले आहेत. तो पाहताना गायकाकडे न पाहता मागच्या ड्रमरकडे लक्ष ठेवा, आपल्याला मौज वाटेल.

याच्या अगदी उलट उदाहरण म्हणजे लिव्हरपूलच्या बीटल्स या चौघांच्या गटावर पाथे न्यूज या वृत्तपट कंपनीने काढलेला ‘द बीटल्स कम टू टाउन’. मँचेस्टरच्या आर्डविक भागातील एबीसी चित्रपटगृहात २० नोव्हेंबर १९६३ रोजी झालेल्या प्रत्यक्ष कार्यक्रमाचे हे सुमारे आठ मिनिटांचे रंगीत चित्रण आहे. त्यात वायरी आहेत, माईक आहेत आणि मुलींच्या किंचाळ्यांनी गाणे अर्धे बुडाले आहे. सगळ्या सभागृहावर आवाज पोचवण्याची त्या काळच्या ॲम्प्लिफायरची धडपड आपल्या कानाला लगेच जाणवेल.

या दोन टोकांमधून रिचर्ड लेस्टर या दिग्दर्शकाने तिसरी वाट काढली. बीटल्सना घेऊन त्यांनी केलेल्या ‘अ हार्ड डेज नाइट’ या १९६४ च्या चित्रपटात एका गाण्याच्या वेळी चौघे जण मागच्या दाराने निसटून मैदानात धावत सुटतात, उड्या मारतात, लोळतात. गाणे वरून वाजत राहते आणि पडद्यावर कोणीही ओठ हलवत नाही. वायर कुठे आहे, हा प्रश्नच तेथे उरत नाही. पुढे दूरचित्रवाणीवरच्या गाण्यांच्या चित्रफितींनी हीच तऱ्हा उचलली. एमटीव्ही या गाण्यांच्या अमेरिकी दूरचित्रवाणी वाहिनीने आपल्याला या प्रकाराचा जनक ठरवले तेव्हा आपण रक्ताच्या तपासणीची मागणी केली, असे लेस्टर गमतीने सांगत.

ब्रिटनमधील संगीतकारांच्या युनियनला मात्र हे नुसते ओठ हलवणे मान्य नव्हते, कारण त्यात वादकांचा रोजगार बुडत होता. ‘रेडी स्टेडी गो!’ हा दूरचित्रवाणी कार्यक्रम १९६५ मध्ये प्रत्यक्ष गायनाकडे वळला आणि १९६६ मध्ये युनियनच्या आग्रहामुळे बीबीसीच्या ‘टॉप ऑफ द पॉप्स’लाही तसे करावे लागले. रात्रभर समोर उभे राहून गाणाऱ्या नटांना आवाज देणाऱ्या आपल्यासारख्यांना यातली बाजू कोणाची घ्यावी, हे सांगायला नको.

प्रश्न : क्लिफ रिचर्ड हा गायक भारतात जन्मला होता, हे खरे आहे काय?
— बी.ए.ची विद्यार्थिनी, अर्जुनी मोरगाव तालुका

उत्तर : खरे आहे. त्यांचे मूळ नाव हॅरी वेब असून जन्म १४ ऑक्टोबर १९४० रोजी लखनौ येथे झाला. वडील रेल्वेच्या खानपान व्यवस्थेशी संबंधित कंत्राटदाराकडे नोकरीला होते आणि हे कुटुंब पुढे हावड्याला राहत असे. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये ते मुंबईहून ‘रांची’ नावाच्या जहाजाने इंग्लंडला गेले. तेथे अवघ्या दहा वर्षांत ‘मूव्ह इट’ या गाण्याने हा मुलगा प्रसिद्धीला आला. १९५९ मध्ये ‘एक्स्प्रेसो बोंगो’ या चित्रपटात त्याने लंडनच्या सोहो भागातल्या कॉफी बारमध्ये गवसलेल्या, दलालाच्या तावडीत सापडलेल्या तरुण गायकाची भूमिका केली. १९६१ चा ‘द यंग वन्स’ आणि दुमजली बस घेऊन लंडनहून ग्रीसपर्यंत जाणाऱ्या मुलांचा १९६३ चा ‘समर हॉलिडे’ हे त्याचे सर्वाधिक चाललेले चित्रपट. आम्हाला विचाराल तर पहिला चित्रपट अधिक खरा आहे. नंतरच्या दोहोंत सर्व काही इतके स्वच्छ, इस्त्री केलेले आहे की तरुणाईचा वास त्यांना येत नाही.

प्रश्न : कापसाला भाव नाही, बोंडअळीने पऱ्हाटी पोखरली आहे आणि आपले मासिक लिव्हरपूलच्या पोरांची गाणी सांगत बसले आहे. आमच्या भागाचा त्या गावाशी संबंध तरी काय?
— कास्तकार, खामगाव तालुका

उत्तर : आपला राग आम्ही समजू शकतो, पण नेमक्या खामगावच्या वाचकाने हा प्रश्न विचारावा याचे आम्हाला नवल वाटले. लिव्हरपूलशी आपल्या गावाचा संबंध बीटल्सच्या जन्मापूर्वी सत्तर-ऐंशी वर्षांचा आहे. अमेरिकेत १८६१ ते १८६५ या काळात यादवी युद्ध पेटले आणि तिकडचा कापूस अडला, तेव्हा लँकेशायरच्या गिरण्यांनी वऱ्हाडाकडे मोर्चा वळवला. खामगावच्या बाजारातील रुई बंदरापर्यंत लवकर पोचावी म्हणून टाकलेल्या रेल्वेच्या फाट्याचे उद्घाटन व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांच्या हस्ते १८७० मध्ये झाले. लिव्हरपूलच्या कापूस बाजारात अमरावती भागाच्या रुईला ‘उमरा’ अशी स्वतंत्र प्रतवारी होती.

त्याच बाजारातील एका कापूस पेढीत बीटल्सपैकी पॉल मॅकार्टनी यांचे वडील जिम हे विक्रेते होते. लहान वयात रुईचे नमुने दलालांकडे पोचवणारा पोऱ्या म्हणून ते लागले आणि पुढे विक्रेते झाले. संध्याकाळी ते स्वतःच्या जॅझ बँडमध्ये वाजवत, घरी पियानो होता आणि मुलाच्या कानावर पहिले सूर तेथेच पडले. दुसऱ्या महायुद्धात कापूस बाजार बंद झाला. युद्धानंतर धंदा पूर्वीसारखा राहिला नाही आणि या घराला काटकसरीचे दिवस आले. तेव्हा कापसाच्या पडत्या काळाची झळ आपण म्हणता त्या पोरांच्या घरालाही लागलेली होती.

या शहराचे अंतरंग पाहायचे असेल तर ग्रॅनाडा टेलिव्हिजनने २२ ऑगस्ट १९६२ रोजी केलेले एका गाण्याचे चित्रण पाहावे. मॅथ्यू स्ट्रीटवरील एका गोदामाच्या तळघरात केव्हर्न क्लब होता. तेथील विटांच्या बसक्या कमानीखाली, अपुऱ्या उजेडात, अजून प्रसिद्धी न मिळालेले बीटल्स ‘सम अदर गाय’ हे गाणे म्हणत आहेत. चित्र धूसर आहे, आवाज फाटतो आणि या कारणांमुळे ते त्या वेळी दाखवलेही गेले नाही. नवा ड्रमर रिंगो स्टार गटात येऊन जेमतेम चार दिवस झाले होते. गाणे संपताच गर्दीतून कोणी तरी आधीच्या ड्रमरच्या, म्हणजे पीटच्या नावाने ओरडलेले स्पष्ट ऐकू येते. हा पीट बेस्टही, योगायोगाने, मद्रासला जन्मलेला. बंदर, गोद्या आणि नदीवरची फेरीबोट पाहण्यासाठी गेरी अँड द पेसमेकर्स या गटाचा १९६५ चा ‘फेरी क्रॉस द मर्सी’ आहे, पण त्यातील कथेकडे फारसे लक्ष देऊ नये.

प्रश्न : आमच्या सार्वजनिक वाचनालयाकडे प्रोजेक्टर आहे. गावातील तरुणांसाठी एका संध्याकाळी या विषयावर खेळ ठेवायचा आहे. कोणती चित्रे, कोणत्या क्रमाने दाखवावीत? इंग्रजीची अडचण बहुतेकांना आहे.
— ग्रंथपाल, आर्वी तालुका

उत्तर : भाषेची अडचण लक्षात घेऊनच क्रम लावू या. सुरुवात कॅरेल राइश आणि टोनी रिचर्डसन यांच्या ‘ममा डोन्ट अलाऊ’ या १९५६ च्या बावीस मिनिटांच्या कृष्णधवल लघुपटाने करावी. त्यात संवाद जवळजवळ नाहीतच. कामाची पाळी संपवून रेल्वेचे डबे साफ करणारी मुलगी, खाटकाकडचा पोरगा आणि दंतवैद्याच्या दवाखान्यातील मदतनीस लंडनच्या वूड ग्रीन भागातील जॅझ क्लबमध्ये येतात आणि ख्रिस बार्बर यांच्या बँडवर नाचतात. मध्येच मोटारीतून काही श्रीमंत मंडळी येतात, त्यांना धड नाचता येत नाही आणि एक शब्दही न उच्चारता वर्गभेद समोर उभा राहतो. पॉपच्या आरंभाविषयी इतके नेमके चित्र आम्ही दुसरे पाहिलेले नाही. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने ‘फ्री सिनेमा’ चळवळीतील लघुपटांचा जो संच काढला आहे, त्यात ते मिळेल.

त्यानंतर वर उल्लेखिलेला बीटल्सचा आठ मिनिटांचा वृत्तपट, आणि मग रिचर्ड लेस्टर, पीटर सेलर्स आणि स्पाइक मिलिगन यांचा १९५९ चा ‘द रनिंग, जम्पिंग अँड स्टँडिंग स्टिल फिल्म’. अकरा मिनिटांच्या या वेडपट विनोदी लघुपटात गाणी नाहीत, पण तो आवडल्यामुळेच बीटल्सचे लेस्टर यांच्याशी जुळले आणि ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेलेला हा लघुपट फुटकळ खर्चात, दोन रविवारी माळरानावर चित्रित झाला होता, हे मोबाईलवर व्हिडिओ करणाऱ्या मुलांना जरूर सांगावे. ‘स्विंगिंग यूके’मधील दोन-तीन गाणी पुरेत. ‘पॉप गिअर’ दाखवणार असाल तर नुसती गाणी दाखवावीत. त्याचा निवेदक जिमी सॅव्हिल याने अनेक मुलांवर आणि स्त्रियांवर केलेले लैंगिक अत्याचार त्याच्या मृत्यूनंतर २०१२ मध्ये उघडकीस आले; त्याची थट्टामस्करी मुलांसमोर हसत ठेवण्यासारखी नाही. शेवटी ‘अ हार्ड डेज नाइट’ संपूर्ण, उपशीर्षकांसह दाखवावा. लिव्हरपूलची बोली इंग्रजी येणाऱ्यांनाही पटकन उमजत नाही, त्यामुळे उपशीर्षकांचा संकोच कोणाला वाटणार नाही.

सार्वजनिक खेळासाठी हक्कधारकांची परवानगी लागते, चित्राची आणि गाण्यांची वेगवेगळी असू शकते, हे आधी पाहून घ्यावे. आवाजासाठी गावातले डीजेचे बॉक्स मागवू नयेत. ही सर्व ध्वनिमुद्रणे मुळात मोनो, म्हणजे एकाच ध्वनिवाहिनीची आहेत आणि त्यांत खर्जाचा जोर कमी आहे. तो वाढवला की बोलणे गुरगुरल्यासारखे ऐकू येते. पडद्याच्या मागे मध्यभागी एकच मध्यम आकाराचा स्पीकर ठेवावा, बेस कमी करावा आणि खेळाच्या आदल्या दिवशी रिकाम्या सभागृहात एकदा वाजवून पाहावे.